टाकेबाई नगरपालिकेत

तिचे वडील पुरुषांचे कोट शिवायचे. घरात मुलगा नव्हता, त्यामुळे कापड बेतायला घेतलं की टेपचं दुसरं टोक धरायला तिलाच हाक मारली जायची. टोक धरता धरता तिने कात्री कधी धरली, ते कुणाच्या लक्षातही आलं नाही. पंधराव्या वर्षी बाहीला अस्तर लावण्यात तिचा हात वडिलांपेक्षा साफ बसायला लागला. वडील हे तिला कधी बोलले नाहीत, गिऱ्हाइकांना मात्र कौतुकाने सांगायचे. त्यामुळे आपल्याकडे काही विद्या आहे असं तिला स्वतःला कधी वाटलंच नाही. केर काढता येतो तसं शिवता येतं, त्यात काय एवढं, अशी तिची समजूत.

लग्न झालं ते गणिताच्या मास्तरांशी. पुढे देशात दिवस फिरले, एकेक करत शाळा बंद पडल्या आणि मास्तर वर्षभर घरी बसून राहिले. मास्तरांची मोठी बहीण बरीच वर्षं आधी परदेशात जाऊन तिथलीच झाली होती. तिने कळवलं, "इकडे या. मागची खोली रिकामी आहे. बाकीचं बघू." चार वर्षांच्या मुलीला घेऊन, तीन बॅगांनिशी, ती सव्विसाव्या वर्षी या शहरात उतरली.

मास्तरांची पदवी इथे कुणी विचारात घेतली नाही. त्यांना एका गोदामात आलेली खोकी मोजून घ्यायचं काम मिळालं. "गणिताशी नातं अजून तुटलेलं नाही," असं ते हसून सांगायचे, पण संध्याकाळी घरी आले की बूट काढायलाच त्यांना दहा मिनिटं लागायची. तिला मिळाली ऑफिसांची झाडलोट. पहाटे सहा-दहाची बस पकडायची, नदीवरचा पूल ओलांडून पलीकडे उतरायचं आणि बाबूलोक यायच्या आत चार मजले पुसून काढायचे. भाषा येत नव्हती म्हणजे अजिबातच नव्हती. "माफ करा," "झालं," आणि "इथे पुसू का?" एवढ्या तीन वाक्यांवर तिने पहिला हिवाळा काढला.

त्या हिवाळ्यातच एका सकाळी बस-स्टॉपवर एका नर्सच्या गरम कोटाची चेन तुटली. म्हणजे चेन शाबूत होती, पण तिचा रनर निसटून हातात आला होता. नर्सची ड्यूटी सुरू व्हायला अर्धा तास, वारा हाडात शिरणारा, आणि बोटं गारठलेली. ती बिचारी नुसतीच रनर दातांत धरून उभी होती. हिला ते बघवेना. ती सरळ फुटपाथवर उकिडवी बसली, पर्समधून सुईदोरा काढला, चेनचे खालचे चार टाके उसवले, रनर दोन्ही बाजूंनी सारखा बसवला, घराच्या किल्लीने दाबला आणि खाली पुन्हा टाके घातले. बस वळणावर दिसली तेव्हा तिने दोरा दातांनी तोडला. नर्स काहीतरी बरंच बोलली. तिला त्यातलं अक्षर कळलं नाही, पण दुसऱ्या दिवशी नर्सने पिशवी भरून कपडे आणले तेव्हा सगळं कळलं.

एकीचं बघून दुसरी, दुसरीचं बघून तिसरी. कुणाची पँट लांब, कुणाच्या कोपराला भोक, कुणाचा लग्नातला पोशाख आता कमरेत होईना. तिचं नाव या लोकांच्या जिभेवर बसत नव्हतं, म्हणून तिला सगळे टाकेबाई म्हणायला लागले. तिला आधी वाटलं, आपली टिंगल चाललीय. मग ध्यानात आलं, की नळ दुरुस्त करणाऱ्याला हे लोक नळवाला म्हणतात तेही प्रेमानेच. तिने ते नाव अंगाला लावून घेतलं.

नणंदेच्या मागच्या खोलीत मात्र पाय ठेवायला जागा उरली नाही. "या घरात मी राहायचं की या पाटलोणींनी, ते एकदा ठरवा," नणंद म्हणाली. ती मनाची वाईट नव्हती, पण तिच्या सोफ्यावर रोज अनोळखी माणसांचे कपडे बसलेले असायचे.

बस-स्टॉपसमोर एक किल्लीवाला होता. साठी उलटलेला, बायको गेलेली, तोंडाने फटकळ. त्याच्या दुकानाची अर्धी खिडकी रिकामीच पडलेली असायची. टाकेबाईने त्याला खुणांनी आणि तीन वाक्यांनी विचारलं, इथे मशीन ठेवू का?

"ठेव. पण मला बडबड खपत नाही," किल्लीवाला म्हणाला.

दुकानात दिवसभर बडबड तोच करायचा. कानशीने किल्ली घासता घासता नगरपालिका, हवामान, शेजारचा न्हावी, जुन्या काळातली कुलपं, जे सुचेल त्यावर. टाकेबाई मशीन चालवत ऐकायची. एवढी सक्तीची शिकवणी तिला कुठल्या शाळेत मिळाली नसती.

पाटी मास्तरांनी रंगवली, शब्दकोश समोर ठेवून. "कपडे दुरुस्त करून मिळतील" असं लिहायचं होतं, पण शब्दकोशातली ओळ चुकली आणि पाटीवर आलं, "कपडे सुस्त करून मिळतील". तीन दिवस लोक दुकानासमोर थांबून हसत होते, आणि टाकेबाईला वाटत होतं की धंद्याला सुरुवात झकास झाली. चौथ्या दिवशी किल्लीवाल्याने खरं काय ते सांगितलं. ती लाजून लाल झाली. "राहू दे गं," तो म्हणाला, "हसायला थांबतात ते कपडेही टाकून जातातच ना?" पाटी वर्षभर तशीच राहिली.

असं सहा वर्षं चाललं. मग एक दिवस इस्पितळातल्या मोठ्या सिस्टर, म्हणजे सगळ्या नर्सेसच्या वरच्या, स्वतः दुकानात आल्या. त्यांनी आपला गणवेश काउंटरवर आपटला. "हे बघा. कुठल्या तरी दूरच्या कंपनीत कुणा पुरुषाने बेतलंय. छातीवर एवढासा खिसा. पेशंटला उठवायला वाकलं की कात्री, पेन, थर्मामीटर, सगळं त्याच्या अंगावर. काही करता येईल?"

टाकेबाईने त्यांना दुकानातच चालायला लावलं, वाकायला लावलं, खुर्चीला पेशंट समजून उचलायला लावलं. मग खिसा छातीवरून काढून मांडीवर आणला, तिरका, वर झाप असलेला, आत पेनाला वेगळा कप्पा. खांद्यामागे एक चुणी सोडली, हात वर गेला तरी पाठ ताणायला नको. मोठ्या सिस्टर तो घालून दोनदा वाकल्या आणि खिशातून काही पडलं नाही तेव्हा लहान मुलीसारख्या हसल्या. आधी सहाजणींनी मागितले. मग इस्पितळानेच विचारलं, साठ गणवेश करून द्याल का?

साठ गणवेश खिडकीत बसून होत नाहीत. जागा शोधणं आलं. मुलगी तेव्हा दहा वर्षांची होती आणि घरातली दुभाषी तीच होती. शाळा, दवाखाना, पोस्ट, जिथे जिथे बोलायची वेळ यायची, तिथे आई तिला पुढे घालायची. एका गाळेवाल्याकडे दोघी गेल्या. तो माणूस खुर्चीतून न उठताच मुलीला बरंच काही बोलला. मुलीचे कान लाल झाले. मग ती आईकडे वळून म्हणाली, "ते म्हणतायत, जागा दुसऱ्या कुणाला दिलीय."

किल्लीवाल्याच्या बडबडीची कृपा अशी की टाकेबाईला तोवर निम्म्याहून जास्त भाषा कळायला लागली होती. गाळेवाला म्हणाला होता, तुमच्यासारख्यांना जागा दिली की चार दिवसांत बिल्डिंगभर नातेवाईक होतात, आणि घाण वेगळी. लेकीने अपमान गाळून, तेवढा बोलण्याजोगा भाग आईच्या हातात ठेवला होता. दहा वर्षांच्या पोरीने.

 घरी जाताना टाकेबाईने मुलीचा हात जरा जास्तच घट्ट धरला होता. "आई, दुखतंय," मुलगी म्हणाली तेव्हा तिला कळलं. त्या दिवसानंतर तिने मुलीला कुठेही दुभाषी म्हणून नेलं नाही. चुकेल ते चुकेल, हसतील ते हसतील, आपलं आपण बोलायचं. या भाषेत दर वस्तूला लिंग होतं आणि त्याला काही धरबंध नव्हता. तिने त्याच्याशी आयुष्यभर झगडायचं ठरवलं आणि ती बहुतेक वेळा हरलीच.

जागा किल्लीवाल्याने मिळवून दिली. इस्पितळाजवळ एक नाचाची शाळा बंद पडली होती. लांबलचक हॉल, लाकडी जमीन, एका भिंतीला छतापर्यंत आरसे. आरशांमुळे चार मशिनी आठ दिसायच्या. चार बायका हाताशी घेतल्या, सगळ्या नदीपलीकडच्या, तिच्या जुन्या सहा-दहाच्या बसने येणाऱ्या, कुणी कुठल्या देशाची, कुणी कुठल्या. साठ गणवेश वेळेत गेले. आठवड्याने मोठ्या सिस्टरांचा फोन आला. "टाकेबाई, जरा येऊन बघता का?"

इस्पितळाच्या कपडे बदलायच्या खोलीत एक धिप्पाड नर्स उभी होती आणि गणवेश तिच्या पोटऱ्यांऐवजी गुडघ्यांच्याही वर आला होता. कापड आटलं होतं. टाकेबाईने ते आधी पाण्यातून काढलं होतं, नाही असं नाही, पण गार पाण्यातून. इस्पितळात धुतात ते उकळत्या पाण्यात. तिने कपाळाला हात लावला. बाहीत हात न शिरणाऱ्या साठ गणवेशांचा ढीग बघून तिला वाटलं, संपलं. मास्तर बाहेर व्हरांड्यात उभे होते. तिचा चेहरा बघून ते ढीग टॅक्सीत भरायला लागले.

तिने पदरमोड करून साठच्या साठ पुन्हा शिवले. इस्पितळाने मागितले नव्हते, निदान अर्धे चालवून घेऊ म्हणत होते. "चालवून घेऊ नका," ती सिस्टरना म्हणाली, "एकदा चालवलंत की मला तीच सवय लागेल." आणि नवं कापड कात्रीला लावायच्या आधी तिने एक जुनं, गुरगुरणारं कपडे धुवायचं यंत्र विकत घेऊन हॉलच्या मागच्या खोलीत बसवलं. प्रत्येक ताग्याचा तुकडा त्यात दहादा उकळायचा आणि मगच बेतायचा. तागे रोज येत नाहीत, यंत्र रिकामं पडायचं. मग मोठ्या सिस्टर म्हणाल्या, शिवलेत तर धुऊनही तुम्हीच द्या की. अशी लाँड्री सुरू झाली. तिचा दुसरा धंदा हा पहिल्याच्या चुकीतून निघाला, हे ती पुढे सगळ्यांना मोकळेपणाने सांगायची. मास्तरांनी गोदाम सोडलं आणि लाँड्री हातात घेतली. पहिल्याच आठवड्यात त्यांनी कुठला वॉर्ड, कुठला दिवस, किती चादरी याचा असा तक्ता केला की इस्पितळाची माणसं तो बघायला यायची. तेव्हापासून त्यांचे बूट दोन मिनिटांत निघायला लागले.

दहा वर्षांत हॉलमध्ये आणि लाँड्रीत मिळून अठ्ठावीस बायका कामाला होत्या. आणि नेमकी तेव्हा नगरपालिकेने सहा-दहाची बस बंद केली.

कागदावर कारण होतं, प्रवासी नाहीत. नदीपलीकडून येणाऱ्या बायकांना आता दोनच वाटा, साडेसातच्या बसने येऊन उशिरा पोचायचं, नाही तर पहाटे अंधारात पूल चालत पार करायचा. कामाची वेळ पुढे ढकलून भागेना, कारण इस्पितळाला सकाळी आठला धुतलेल्या चादरी लागतात. बायका चालत यायला लागल्या. पावसात भिजून यायच्या, ओले मोजे इस्त्रीच्या टेबलाखाली वाळत टाकायच्या. दुसऱ्या महिन्यात काज-बटण करणारी एक बाई पुलावर घसरली आणि तिचं मनगट मोडलं. उजवं.

टाकेबाई तिला प्लास्टरसकट घरी सोडून आली आणि किल्लीवाल्याच्या दुकानात जाऊन बसली. रिकामी खिडकी अजून तिच्यासाठीच ठेवल्यासारखी होती.

"नगरपालिकेत दर महिन्याला सभा असते," तो म्हणाला. "कुणीही जाऊन तीन मिनिटं बोलू शकतं. तो हक्क आहे."

"मला तीन मिनिटांत काय बोलता येणार? शब्द शोधण्यातच दोन जातील."

"मग एक मिनिट बोल."

ती गेली. लाकडी बाकं, पाण्याचे ग्लास, समोर अकरा नगरसेवक. तिच्या वॉर्डाचा नगरसेवक रंगांच्या दुकानाचा मालक होता, सतरा वर्षं निवडून येणारा, गुबगुबीत, हसतमुख. मुलगी कॉलेजातून परस्पर आली होती आणि मागच्या बाकावर बसली होती. टाकेबाईचं नाव पुकारलं गेलं. ती उठली.

"माझी बायका पहाटे चालतात," तिने सुरुवात केली. "बस बंद झाला. पूल ओली असते. एक बाई पडला. हात तुटली."

कुणीतरी खुदकन हसलं. मग दोघं-तिघं. अध्यक्षांनी घसा खाकरला. टाकेबाई थांबली. तिने हसणाऱ्यांकडे पाहिलं आणि सावकाश म्हणाली, "शब्द चुकतो माझा. हात तुटला की तुटली, तुम्ही ठरवा. पण तो डॉक्टरने जोडला आहे, तो दुखतो आहे, आणि ती बाई घरी बसली आहे. हे बरोबर बोलले ना मी?"

हसणं बंद झालं. रंगवाला मात्र मऊ आवाजात म्हणाला, "बाई, तुमचं दुःख कळतं. पण ती बस रिकामी जायची हो. नोंद आहे आमच्याकडे."

"नोंद कुणी केली? मी त्या बसमध्ये वर्षानुवर्षं गेले. बसायला जागा मिळायची नाही."

"ते काही मला माहीत नाही. नोंद आहे."

तिची तीन मिनिटं संपली.

बाहेर आल्यावर मुलगी तिच्यावर चिडली. डोळ्यांत पाणी, आणि आवाज चढलेला. "कशाला उभी राहिलीस गं? मला सांगायचं होतंस. मी बोलले असते. एक चूक केली नसती मी."

"म्हणून तर तुला सांगितलं नाही," टाकेबाई म्हणाली. "तू लहान होतीस तेव्हा माझ्या वाटचं पुष्कळ ऐकून घेतलंस. तो गाळेवाला काय म्हणाला होता, ते मला त्याच दिवशी कळलं होतं."

मुलगी जागच्या जागी थांबली. दोघी बराच वेळ नगरपालिकेच्या पायऱ्यांवर बसून होत्या. काय बोलल्या ते त्यांनाच ठाऊक. पण उठताना मुलगी म्हणाली, "पूल तो असतो, आई. ती नाही." आणि टाकेबाई म्हणाली, "ओली असला तरी?" तेव्हा दोघींना हसू आवरेना.

पुढच्या वर्षी निवडणूक होती. उभं राहायची कल्पना आधी किल्लीवाल्याने काढली आणि मास्तरांनी उचलून धरली. टाकेबाईला या देशाचं नागरिकत्व मिळून तीन वर्षं झाली होती, कायद्याची अडचण नव्हती. अडचण तिच्या मनात होती.

"मला नीट बोलता येत नाही, काका."

"रंगवाल्याला येतं ना नीट बोलता? सतरा वर्षांत तुझ्याशी किती वेळा बोलला?"

दुसऱ्या दिवशी तिने उमेदवारीचा अर्ज आणला.

पत्रक मुलीने लिहिलं. तीनच गोष्टी होत्या त्यात: सहा-दहाची बस, पुलावर दिवे, आणि इस्पितळामागच्या रस्त्याला फुटपाथ. टाकेबाई संध्याकाळी दारोदार जायची. काही दारं उघडत नव्हती, काही उघडून मिटत होती. एका आजोबांनी विचारलं, "तुम्ही मूळच्या कुठल्या?" तिने सांगितलं. "मग तिकडे का नाही निवडणूक लढवत?" "तिकडची बस मला माहीत नाही हो," ती म्हणाली, "आता वीस वर्षं व्हायला आली. मला इकडचीच माहीत आहे." आजोबांनी दार लावलं, पण पत्रक ठेवून घेतलं. एका घरी मत मागता मागता तिने पडद्याची उसवलेली दुमड घालून दिली आणि बाहेर आल्यावर मास्तरांची बोलणी खाल्ली. "अगं, लोक म्हणतील मतांसाठी शिवते." "म्हणू देत. उसवलेलं बघून हात गप्प बसत नाही माझा."

ती एकेचाळीस मतांनी हरली.

निकाल ऐकून बायका हॉलमध्ये जमल्या आणि रडल्या, आणि आरशांमुळे सगळा गावच रडतोय असं वाटायला लागलं. टाकेबाई रडली नाही. तिला खरं तर हायसं वाटलं, आणि हायसं वाटलं याची शरम वाटली.  आपल्या नावाची जी चिठ्ठी पेटीत पडली नाही ती कुणाची, हा विचार रस्त्यात भेटणाऱ्या प्रत्येकाकडे बघताना यायचा, आणि तो तिला आवडत नव्हता. तिसऱ्या दिवशी सकाळी ती उठली आणि रंगवाल्याच्या दुकानात गेली.

त्याला वाटलं भांडायला आली. तो गल्ल्यामागे सरसावून उभा राहिला.

"अभिनंदन," ती म्हणाली. "लाँड्रीच्या भिंतीला पोपडे येतात. वाफेत टिकेल असा रंग दाखवा."

त्याने रंग दाखवला. डबे बांधताना तो न राहवून म्हणाला, "बाई, तुम्ही मला घाम फोडलात यंदा."

"मग आता माझं एक काम करा. उद्या पावणेसहाला पुलाच्या पलीकडे या. काही बोलू नका. नुसते चालत या आमच्याबरोबर."

"मी?"

"निवडून आलात ना?"

तो येईल असं कुणालाच वाटलं नव्हतं. पण तो आला, छत्री घेऊन, पॉलिश केलेल्या बुटांत. पाऊस आडवा होता. पुलाच्या मध्यावर त्याची छत्री उलटी झाली आणि दोन इस्त्री करणाऱ्या बायकांनी त्याला दंडाला धरून पार नेलं. हॉलमध्ये पोचल्यावर त्याने आपले मोजे पिळले आणि टेबलाखालच्या मोज्यांच्या रांगेत शेवटी वाळत टाकले. दोन महिन्यांनी सहा-दहाची बस पुन्हा सुरू झाली, आठवड्यातून तीन दिवस. बातमीत श्रेय त्याने एकट्यानेच घेतलं. बायका चवताळल्या, पण टाकेबाई म्हणाली, "घेऊ दे. तीन दिवस तरी आपले मोजे सुके आले ना?"

उरलेल्या तीन दिवसांसाठी मात्र ती दर महिन्याच्या सभेला जायला लागली. चार वर्षांत एक सभा चुकवली नाही. पाण्याची पाइपलाइन, कचऱ्याच्या वेळा, पार्किंग, सगळं ऐकून घ्यायची, घरी येऊन अनोळखी शब्द मुलीला विचारायची, आणि मुलगी शिकायला दुसऱ्या शहरात गेल्यावर फोनवर विचारायची. हळूहळू लोकच तिला गाठायला लागले. नगरसेवक रंगवालाच होता, पण तुंबलेल्या गटाराची गोष्ट लोक टाकेबाईला येऊन सांगत. पुढच्या निवडणुकीत रंगवाला पुन्हा उभा होता. आता मुलीला पत्रक लिहून द्यावं लागलं नाही, टाकेबाईने ते स्वतः लिहून तिच्याकडून नुसतं तपासून घेतलं. ती दोनशे बारा मतांनी निवडून आली. मुलगी मतदानासाठी रात्रभराचा प्रवास करून आली होती. निकाल लागला तेव्हा ती आईच्या गळ्यात पडून जे रडली ते मास्तरांनी आपला रुमाल देऊनही थांबेना, कारण मास्तरांना स्वतःलाच रुमाल लागत होता. रंगवाल्याने फोन केला. "बाई, आता तुम्हाला कळेल," एवढंच म्हणाला, आणि ते त्याने बऱ्याच आपुलकीने म्हटलं.

नगरपालिकेत तिला एक खोली मिळाली, न उघडणाऱ्या खिडकीची आणि तीन खुर्च्यांची. दर बुधवारी दुपारी तक्रारी ऐकायच्या. पहिल्या बुधवारी पहिलाच माणूस आला तो तावातावाने. पन्नाशीचा, चष्मा कपाळावर चढवलेला. शिक्षक होता, एका गल्लीत तिसऱ्या मजल्यावर राहायचा.

"बसा," टाकेबाईने तक्रारीचा छापील कागद पुढे ओढला. "काय त्रास आहे?"

"वाफ. आमच्या झोपायच्या खोलीच्या खिडकीत सकाळपासून वाफ येते. पुस्तकं फुगली. भिंतीला बुरशी. तीन वर्षं झाली, कुणी दाद घेत नाही."

"कुठून येते वाफ?"

तो माणूस थोडा चाचरला. मग चष्मा डोळ्यांवर आणून तिच्याकडे सरळ बघत म्हणाला, "तुमच्या लाँड्रीतून."

 तीन वर्षं. तिला मागच्या गल्लीतली ती खिडकी आठवली, नेहमी बंद असणारी. लोकांना उघडायला आवडत नसेल, असं तिने धरून चाललं होतं. तिचे कान तापले. शेजारी बसलेला लिपिक मान खाली घालून टेबलावरच्या टाचण्या गोळा करायला लागला.

"आधी का नाही आलात माझ्याकडे?" तिने विचारलं.

"आलो होतो. तुमचे मिस्टर फार चांगले बोलले. मला एक तक्ताही दाखवला."

टाकेबाईला हसू आलं ते तिने दाबलं. तिने पेन उचललं. 'कुणाविरुद्ध' या रकान्यात तिने आपलं पूर्ण नाव लिहिलं, ते जे इथे कुणाच्या जिभेवर बसत नव्हतं, आणि खाली लाँड्रीचा पत्ता.

"आता असं होईल," ती म्हणाली, "की तपासणी करायला माणूस जाईल. तो मी निवडणार नाही, अध्यक्ष निवडतील. आणि उद्या सकाळी मी स्वतः तुमच्या खोलीत येऊन बघणार. चालेल?"

"मी तुम्हाला मत दिलं नव्हतं," तो म्हणाला. हे सांगितल्याशिवाय त्याला बरं वाटत नव्हतं.

"वाफेनंतर कोण देईल?"

दुसऱ्या दिवशी ती तीन जिने चढून गेली. पुस्तकं खरंच फुगली होती. त्यांची पानं बोटाला ओलसर लागत होती. तपासणीवाल्याने आठ दिवसांत लेखी दिलं, पाइप छपराच्या वर न्या. नेईपर्यंत अर्धी यंत्रं बंद ठेवायची. मास्तर कुरकुरले, त्यांचा तक्ता कोलमडला होता. बायका म्हणाल्या, स्वतःचीच तक्रार स्वतः लिहून घेणारी बाई कुठे पाहिली नाही. पंधरा दिवस इस्पितळाच्या चादरी दोन पाळ्यांत धुतल्या, आणि टाकेबाई स्वतः बाह्या सारून दुसऱ्या पाळीला उभी राहिली.

सोळाव्या दिवशी पाइप छपरावरून वर गेला. ती मागच्या गल्लीत जाऊन मान वर करून बघत राहिली. पांढरी वाफ उंच चढून विरत होती. तिसऱ्या मजल्यावरची खिडकी करकरत उघडली, शिक्षकाने डोकं बाहेर काढलं, वर पाहिलं, मग खाली पाहिलं.

"कोपऱ्यावरचा दिवापण लागत नाही," तो वरून ओरडला.

"बुधवारी या," टाकेबाई खालून ओरडली, आणि मग जरा विचार करून, "नाहीतर थांबा, आत्ताच सांगा. कुठली दिवा?"